मुदतपूर्व बदली: मॅटमध्ये जावं का? (गट क, दापोली ते दोडामार्ग)

रातांबा (धागाकर्ता)

नमस्कार मंडळी. राज्य शासनाच्या एका खात्यात गट क मध्ये नोकरीला आहे. खातं कुठलं ते लिहीत नाही, समजून घ्या. सध्या दापोलीत. इथे दोन वर्षंही पुरी व्हायची आहेत आणि गेल्या आठवड्यात, ऐन ऑगस्टमध्ये, 'प्रशासकीय कारणास्तव' दोडामार्गला बदलीचा आदेश निघाला. त्याच आदेशात खालच्या ओळीत माझ्या जागी येणाऱ्याचं नाव आहे आणि त्याच्यापुढे 'विनंतीनुसार' असं लिहिलंय.

वडील पक्षाघातानं अंथरुणाला खिळलेत. मुलगी दहावीला. बायको खेडला खासगी शाळेत शिकवते, तिला नोकरी सोडून येता येणार नाही. दोडामार्ग म्हणजे पार गोव्याची हद्द. दापोलीहून निघालं की अख्खा रत्नागिरी जिल्हा ओलांडायचा, मग अख्खा सिंधुदुर्ग. शनिवारी यावं, रविवारी परत जावं असं ते अंतर नाही.

कार्यालयात दोन मतं आहेत. काही म्हणतात, मॅटला (राज्य कर्मचाऱ्यांच्या प्रशासकीय न्यायाधिकरणात) गेलास की वरच्यांच्या डोळ्यावर येशील, पुढची दहा वर्षं निस्तरत बसशील. काही म्हणतात, गेल्याशिवाय कोणी दाद देत नाही. साहेब तोंडी म्हणालेत की गणपतीपर्यंत सोडत नाही. लेखी काही नाही. ज्यांनी हे भोगलंय त्यांनी कृपया लिहा.

जांभा

माझी बरीचशी नोकरी आस्थापना शाखेत गेली, आता निवृत्त आहे. बदल्यांच्या याद्या तयार करण्यातच माझे एप्रिल-मे जायचे. तेव्हा जरा सविस्तर लिहितो.

आपल्याकडे बदल्यांचा स्वतंत्र कायदा आहे आणि तो १ जुलै २००६ पासून लागू आहे. लोक त्याला 'बदली अधिनियम २००५' म्हणतात. सर्वसाधारण पदावधी ३ वर्षं. मंत्रालयाबाहेरच्या गट क कर्मचाऱ्याला एका कार्यालयात दोन पूर्ण पदावधी, म्हणजे ६ वर्षं. बदल्या वर्षातून एकदा, एप्रिल किंवा मे महिन्यात. हा झाला नेम.

आता अपवाद. कलम ४(४) च्या परंतुकानुसार वर्षाच्या मध्येही बदली होऊ शकते: पद नव्यानं निर्माण झालं असेल, निवृत्ती-पदोन्नती-राजीनाम्यानं रिकामं झालं असेल, किंवा अपवादात्मक परिस्थिती वा विशेष कारण असेल. या शेवटच्या प्रकारात ते कारण लेखी नोंदवायला हवं आणि वरच्या प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता हवी. पदावधी पुरा होण्याआधी हलवायचं असेल तर कलम ४(५). तिथेही लेखी कारण आणि कलम ६ च्या तक्त्यातल्या लगतच्या वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता. तुमची बदली मुदतपूर्वही आहे आणि वर्षाच्या मध्येही आहे. म्हणजे शासनाला दोन्ही पायऱ्या चढाव्या लागतात.

'प्रशासकीय कारणास्तव' हे दोन शब्द म्हणजे कारण नव्हे. काय विशेष घडलं की ऑगस्टमध्येच आणि तुम्हालाच हलवावं लागलं, ते नस्तीत (फाईलमध्ये) लिहिलेलं पाहिजे. माझ्या टेबलावर अशा टिप्पण्या यायच्या ज्यात नुसतं 'प्रशासकीय निकड' असायचं. मी शेरा मारून परत पाठवत असे, कारण हे न्यायाधिकरणात टिकत नाही हे आम्हाला पक्कं माहीत होतं. तरी काही आदेश निघायचेच. का निघायचे ते तुम्हा सगळ्यांना ठाऊक आहे.

आणखी एक गोष्ट. २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं टी. एस. आर. सुब्रमणियन प्रकरणात निकाल दिला, त्यानंतर आपल्याकडे बदल्यांची शिफारस करणारी नागरी सेवा मंडळं आली. तुमचं नाव मंडळापुढे ठेवलं होतं का, मंडळानं काय शिफारस केली, तेही नस्तीत दिसेल.

सुरंगी

जांभाकाका, हे सगळं शासनाच्या थेट कर्मचाऱ्यांना. आम्हा जिल्हा परिषदेच्या शिक्षकांचं काय? मी मूळची सोलापूरकडची, सिंधुदुर्गात शिक्षिका आहे. आमच्या बदल्या २०१७ च्या शासन निर्णयापासून ऑनलाइन झाल्या, मग २०२१ ला धोरण सुधारलं. संवर्ग १ वाले (दिव्यांग, गंभीर आजारी वगैरे) आधी, मग संवर्ग २ म्हणजे पती-पत्नी एकत्रीकरण, असं करत करत शेवटच्यांना उरलेल्या शाळा. कोणी आपली शाळा मागितली की आपल्याला 'खो'. मग विस्थापित. मला असा खो बसला आणि मी घाटाच्या पायथ्याच्या एका वाडीवरच्या शाळेत गेले. पावसाळ्यात ओढा भरला की रस्ता बंद. पण तक्रार करायची कुणाविरुद्ध? आदेशावर यंत्रानं नाव काढलंय.

आगोट

दोघांचंही वाचलं. आता गावाच्या बाजूनं लिहितो, रागावू नका.

आमचं गाव राजापूर तालुक्यात. शाळा दोनशिक्षकी, त्यातले एक आंतरजिल्हा बदलीनं आपल्या जिल्ह्यात गेले. बरोबरच आहे, घर कुणाला नको असतं? पण त्यांच्या जागी कोणी आलं नाही. तलाठी आठवड्यातून एकदा, तोही तीन गावांचा. बाहेरून येणाऱ्या प्रत्येकाला कोकणातली नेमणूक शिक्षा वाटते आणि आल्या दिवसापासून तो परतीच्या अर्जाचा विचार करतो. आमची पोरं डीएड करून घरी बसलीत, स्थानिकांना घ्या म्हणून आंदोलनं झाली, पण भरती राज्याच्या यादीतून होते आणि तीन वर्षांत माणसं परत जातात.

म्हणून विचारतो. प्रत्येक बदली कोर्टात अडकली तर दोडामार्गच्या माणसानं काय करायचं? तिथल्या खुर्चीलाही कोणीतरी हवाच ना?

रातांबा

आगोट, तुमचं म्हणणं मनाला लागलं. माझी बदली दोडामार्गला गरज आहे म्हणून झाली असती तर मी हा धागा काढला नसता. तिथलं पद दीड वर्ष रिकामं आहे आणि या दीड वर्षात ते भरायची कोणाला आठवण झाली नाही. दापोलीत कोणाला तरी यायचं होतं, तेव्हा आठवण झाली.

वल्हं

सेवाविषयक प्रकरणांत वकिली करतो. इथे सल्ला देत नाही, चित्र कसं असतं ते सांगतो. कागद बघितल्याशिवाय कोणीही छातीठोक बोलू नये.

आधी कटू भाग. बदली ही नोकरीची अट आहे, एकाच जागी राहण्याचा हक्क कोणालाच नाही. सर्वोच्च न्यायालयानं हे पुन्हा पुन्हा सांगितलंय. १९९३ मधलं एस. एल. अब्बास प्रकरण घ्या. शिलाँगहून पौडीला बदली झालेला केंद्राचा कर्मचारी. बायको शिलाँगमध्ये नोकरीला, मुलं तिथे शाळेत, स्वतःची तब्येत बरी नाही. न्यायालय म्हणालं, मार्गदर्शक तत्त्वं प्रशासनानं पाळावीत, पण त्यातून कोर्टात मागता येईल असा हक्क तयार होत नाही. बदली द्वेषबुद्धीनं केलेली असेल किंवा वैधानिक तरतुदीचा भंग झाला असेल तरच हस्तक्षेप. पती-पत्नी एकत्र ठेवण्याबद्दल बँक ऑफ इंडिया विरुद्ध जगजितसिंग मेहता हा निकाल आहे, तोही याच वळणाचा. २०२२ च्या एस. के. नौशाद रहमान निकालात न्यायालयानं कुटुंबजीवन, महिला आणि अपंग कर्मचारी यांचा विचार धोरण ठरवताना करा असं शासनाला सांगितलं, पण धोरण ठरवण्याचं काम शासनाकडेच ठेवलं.

म्हणून धागाकर्त्यांनी हे मनाशी पक्कं करावं: वडिलांचं आजारपण आणि मुलीची दहावी यावर केस उभी राहणार नाही. अर्जात लिहा, जरूर लिहा, न्यायाधिकरणही माणसांचंच असतं. पण केस उभी राहील ती 'वैधानिक तरतुदीचा भंग' या एका मुद्द्यावर. महाराष्ट्रातला कर्मचारी इथे नशीबवान आहे, कारण त्याच्याकडे साधं परिपत्रक नाही, विधिमंडळानं केलेला कायदा आहे. अब्बासकडे तो नव्हता.

दुसऱ्याची सोय लावण्यासाठी केलेल्या मुदतपूर्व बदल्या मॅटनं अनेकदा रद्द केल्या आहेत. आदेशात तुमच्यापुढे 'प्रशासकीय' आणि दुसऱ्यापुढे 'विनंती' असं असणं हा चांगला धागा आहे, पण पुरावा नस्तीत सापडेल.

जांभा

वल्हं यांच्याशी पूर्ण सहमत. फक्त एक भर घालतो. आमदार-खासदारांची शिफारसपत्रं घेऊन धावू नका. वर्तणूक नियमांप्रमाणे बाहेरचा दबाव आणणं हीच गैरवर्तणूक आहे. येणाऱ्या माणसाच्या नस्तीत असं पत्र निघालं तर ते तुमच्या उपयोगाचं, तुमच्या नस्तीत निघालं तर ते त्याच्या उपयोगाचं.

कांडळवन

मॅट, कॅट, हायकोर्ट, लेबर कोर्ट... कोणी कुठे जायचं हे एकदा कोणी सांगेल का? माझी बहीण केंद्राच्या एका खात्यात आहे, मेहुणे बँकेत.

वल्हं

थोडक्यात सांगतो. राज्य शासनाचा कर्मचारी: महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, तेच मॅट. १९९१ पासून आहे, कोकणासाठी मुंबईचं खंडपीठ. पोलीसही मॅटमध्येच जातात, पण त्यांच्या बदल्यांना महाराष्ट्र पोलीस अधिनियमाचं कलम २२ एन लागतं, २००५ चा कायदा नाही. केंद्राचा कर्मचारी: केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे कॅट. तुमच्या बहिणीसाठी तेच. मॅट-कॅटच्या निकालावर उच्च न्यायालयाचं खंडपीठ, हे १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालानं पक्कं झालं. थेट हायकोर्टात गेलात तर आधी न्यायाधिकरणात जा म्हणून परत पाठवतील.

सुरंगीताई, जिल्हा परिषद कर्मचाऱ्यांना मॅटचा दरवाजा नाही. तुमच्यासाठी रिट याचिका, उच्च न्यायालयात. आणि एक सोय झाली आहे: १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालंय आणि रत्नागिरी, सिंधुदुर्ग त्याच्या कक्षेत आहेत. मुंबईची फेरी वाचली. रायगडवाल्यांना मात्र मुंबईच. यंत्रानं नाव काढलं तरी आदेशावर सही माणसाचीच असते. तुमचा संवर्ग चुकीचा धरला असेल, सेवाज्येष्ठतेची तारीख चुकली असेल, महिलांसाठी प्रतिकूल ठरवलेली शाळा तुम्हाला दिली असेल, तर ते शासन निर्णयाच्या विरुद्ध आहे आणि ते दाखवता येतं. नुसतं 'खो बसला' एवढंच असेल तर कठीण आहे.

सरकारी बँकेच्या अधिकाऱ्यांसाठीही रिट.

पाणंद

मी बँकेतली आहे, म्हणून दुर्गेश कुवर यांच्या निकालाबद्दल लिहिल्याशिवाय राहवत नाही. पंजाब अँड सिंध बँकेच्या इंदूर शाखेत त्या मोठ्या पदावर होत्या. मद्य कंत्राटदारांच्या खात्यांतल्या गैरव्यवहाराबद्दल त्यांनी वर लिहिलं, वरिष्ठाविरुद्ध लैंगिक छळाची तक्रारही केली. त्यांची बदली झाली जबलपूर जिल्ह्यातल्या एका शाखेत, आणि तीही त्यांच्या श्रेणीपेक्षा खालच्या दर्जाच्या पदावर. फेब्रुवारी २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ती बदली रद्द ठरवली, त्यांना इंदूरला परत पाठवायला सांगितलं आणि ५०,००० रुपये खर्च बँकेवर बसवला. तक्रार करणारीला दूर फेकायचं, मग बाकीच्या आपोआप गप्प बसतात. हा अनुभव कितीतरी जणींचा आहे आणि त्यातल्या फार थोड्या कोर्टापर्यंत पोचतात. ज्या पोचू शकत नाहीत त्यांनी निदान प्रत्येक तक्रारीची पोच जपून ठेवावी. तक्रारीची तारीख आणि बदलीची तारीख शेजारी ठेवली की बरंच काही दिसतं.

वल्हं

पाणंदताईंनी फार महत्त्वाचं लिहिलं. याच ओळीतला दुसरा निकाल सोमेश तिवारी, २००९. निनावी तक्रारीवरून भोपाळहून शिलाँगला बदली. चौकशीत तक्रारीत तथ्य नाही असं निघालं, तरी बदली केलीच. न्यायालय म्हणालं, शिक्षेच्या जागी बदली वापरता येत नाही. दोष असेल तर विभागीय चौकशी करा. आपल्याकडेही फेब्रुवारी २०१५ च्या परिपत्रकात हाच आशय आहे: नुसत्या तक्रारीवरून मुदतीआधी हलवू नका, आधी तथ्य तपासा.

डोलकाठी

मी एका सार्वजनिक उपक्रमात कामगार आहे, नाव नको. आमच्यासाठी मॅट नाही. मी युनियनचा शाखा सचिव झालो आणि दोन महिन्यांत माझी बदली झाली. १९७१ च्या कामगार संघटना कायद्याच्या चौथ्या अनुसूचीत स्पष्ट लिहिलंय: व्यवस्थापनाच्या धोरणाच्या नावाखाली वाईट हेतूनं बदली करणं ही अनुचित कामगार प्रथा. औद्योगिक न्यायालयात तक्रार केली, तिची मुदत ९० दिवसांची होती. अंतरिम आदेश मिळाला. आता नव्या कामगार संहिता आल्यात, तेव्हा कोणत्या कलमाखाली जायचं ते वकिलाला विचारूनच ठरवा. पण हेतू सिद्ध करायला कागद लागतात हे कुठल्याही कायद्यात बदलणार नाही. माझ्याकडे युनियनच्या निवडीचं पत्र आणि त्याची व्यवस्थापनानं दिलेली पोच होती, म्हणून निभावलं.

रातांबा

सगळ्यांचे आभार. कार्यालयात एकानं सुचवलंय की वैद्यकीय रजा टाक, आदेश घेऊच नकोस, तोवर स्थगिती आण. असं करावं का?

वल्हं

करू नका.

गुजरात विद्युत मंडळ विरुद्ध आत्माराम पोशानी, १९८९. सुरतहून उकाईला बदली, काही फार लांब नाही. ते रुजूच झाले नाहीत, अर्जांवर अर्ज करत राहिले. नोकरी गेली, आणि सर्वोच्च न्यायालयानं ती गेली ते बरोबर ठरवलं. निवेदन दिलं म्हणून आदेश थांबत नाही. स्थगिती नसेल तर रुजू व्हावंच लागतं. खोट्या आजाराचा दाखला जोडलात तर वडिलांच्या खऱ्या आजाराचा दाखलाही कोणी मानणार नाही.

घाई मात्र हवी. कार्यमुक्त होण्याआधी मॅटसमोर गेलात तर 'जैसे थे' मागता येतं. एकतर्फी कार्यमुक्त केलं आणि दुसरा माणूस खुर्चीत बसला की स्थगितीला फारसा अर्थ उरत नाही, मग अंतिम निकालाची वाट बघायची. साहेबांच्या तोंडी शब्दावर थांबू नका. त्यांच्यावर वरून दबाव आला तर ते संध्याकाळी साडेपाचला सोडतील. वरिष्ठांना निवेदन द्या, पोच घ्या. न्यायाधिकरणाच्या कायद्यात आधी निवेदन आणि सहा महिने वाट पाहणं असं आहे, पण ते 'सर्वसाधारणपणे', बदलीच्या प्रकरणात न्यायाधिकरण त्यावर अडून बसत नाही. येणाऱ्या कर्मचाऱ्याला प्रतिवादी करावं लागेल. कोणा अधिकाऱ्यावर द्वेषबुद्धीचा आरोप करणार असाल तर त्यालाही नावानिशी. तेवढा पुरावा नसेल तर तो आरोप करूच नका, कलम ४(५) पुरेसं आहे.

जांभा

माहिती अधिकारात टिप्पणीची प्रतही मागा. उत्तराला ३० दिवस असतात, तेव्हा त्यावर अवलंबून राहू नका, पण अर्ज आजच टाका.

आगोट

चर्चा बदलीपुरती राहू नये म्हणून लिहितो. ज्या कायद्याचा इतका आधार घेतला जातोय त्याच्या नावाचा दुसरा अर्धा भाग कोणी वाचला का? 'शासकीय कर्तव्ये पार पाडताना होणाऱ्या विलंबास प्रतिबंध'. त्यात कलम १० आहे. कोणाही कर्मचाऱ्याकडे फाईल सर्वसाधारणपणे ७ कामाच्या दिवसांपेक्षा जास्त थांबता कामा नये. माझ्या आईच्या वारस नोंदीचा अर्ज पावसाळ्याआधी दिलाय. कर्मचारी संघटना कलम ४ तोंडपाठ म्हणतात, कलम १० कोणी घेत नाही. एकाच कायद्यात तुम्हाला तीन वर्षांचं स्थैर्य दिलंय आणि आम्हाला सात दिवसांचा शब्द दिलाय. पहिलं हवं तर दुसरंही पाळा.

जांभा

आगोट, बरोबर बोललात. मी हे नोकरीत असताना बैठकीत मांडलं होतं आणि कोणाला आवडलं नव्हतं. पण दोन्ही गोष्टी एकमेकांत गुंतल्या आहेत. ज्या माणसाला पुढच्या महिन्यात आपण इथे असू की नाही हे माहीत नाही, तो गावातल्या जमिनीची भानगड समजून घेत नाही. कोकणातली सात-बारावरची नावं, सामाईक क्षेत्र, मुंबईत गेलेले हिस्सेदार हे कळायलाच वर्ष जातं. आणि ज्याला कोणाच्या तरी फोनवर हलवता येतं तो त्या फोनचंच काम आधी करतो. तुमच्या आईचा अर्ज तिथेच अडतो.

सुरंगी

आगोट, मलाही एक सांगायचंय. मी पाच वर्षं त्याच वाडीत आहे. मुलं मालवणी बोलतात, मला आधी निम्मं कळत नसे, आता मीच त्यांच्याशी मालवणीत बोलते. माझा आंतरजिल्हा अर्ज आहे आणि तो मी मागे घेणार नाही, सासू-सासरे एकटे आहेत. पण माझ्या जागी दुसरं कोणी आल्याशिवाय मला कार्यमुक्त करू नका असं मी स्वतः लिहून दिलंय. शाळा बंद पडलेली मला बघवणार नाही.

आगोट

ताई, तुमच्यासारखी माणसं गावाला मिळावीत. मनापासून.

तारवटी

बरां केलास रे धागो काढलंस तो. माझ्या भावाक पण असांच केल्यानी, तो बिचारो गप रवलो. आता ह्यां सगळां तेका वाचूक पाठवतंय.

रातांबा

बरेच दिवसांनी लिहितोय.

मॅटमध्ये मूळ अर्ज केला. अर्ज बोर्डावर, म्हणजे सुनावणीला, येण्याच्या आदल्या संध्याकाळी मला एकतर्फी कार्यमुक्त केलं. वकिलांच्या सल्ल्यानं 'न्यायाधिकरणातल्या अर्जाच्या निकालाच्या अधीन राहून' असं लिहून दोडामार्गला रुजू झालो. गणपतीला दीड दिवस घरी होतो. पावसात वडिलांचं पथ्यपाणी बायकोनं आणि शेजाऱ्यांनी बघितलं.

शासनाचं शपथपत्र आलं तेव्हा नस्तीच्या प्रती जोडलेल्या होत्या. बदलीचा आदेश निघाल्यानंतर आठ दिवसांनी मान्यतेची सही आहे. कायद्यात 'पूर्व' मान्यता म्हटलंय, ही 'कार्योत्तर' आहे. कारणाच्या रकान्यात 'प्रशासकीय कारण' एवढंच. नागरी सेवा मंडळाच्या इतिवृत्तात माझं नावच नाही. जांभाकाकांनी पहिल्याच प्रतिसादात जे तीन कागद बघायला सांगितले होते, तेच तीन निघाले.

आदेश रद्द झाला, दापोलीत परत हजर करून घ्या असं म्हटलंय. शासन हायकोर्टात जाईल का माहीत नाही, वकील म्हणतात जाऊ शकतं. मी परवा दापोलीत रुजू झालो.

आगोट, दोडामार्गचं पद पुन्हा रिकामं झालं. तिथे होतो तेवढ्या दिवसांत प्रलंबित अर्जांचा गठ्ठा निकाली काढून आलो, जेवढा जमला तेवढा. तिथल्या लोकांनी विचारलं, आता कोण येणार? ते पद पुढच्या एप्रिलच्या यादीत तरी घ्यावं असं निवेदन मी वरिष्ठांना दिलंय, पोच घेतली आहे.

कांडळवन

अभिनंदन! बहिणीचाही आदेश काल आला, रत्नागिरीहून भुसावळ. तिच्या खात्याला असा कायदा नाही, नुसतं बदली धोरण आहे. काय करू?

वल्हं

आदेशाची प्रत, धोरणाची प्रत आणि तिनं गेल्या दोन वर्षांत कोणाविरुद्ध काही लेखी दिलं असेल तर त्याची पोच, हे तिन्ही काढून ठेवायला सांगा. तिला अजून सोडलेलं नसेल तर आजच निवेदन द्यायला सांगा. बाकी कागद बघून बोलू, व्यनि करा.